सीडीकाकांची दुसरी प्रत

सीडीकाकांच्या दुकानात संगणक काम करत असला की माणसांनी गप्प बसायचं, असा नियम होता. आजच्या पोरांना हे सांगितलं तर ती हसतील. पण त्या काळी सीडी राइट करायची म्हणजे संगणकाला दुसरं काहीही करू द्यायचं नाही. मध्येच कोणी एखादी फाइल उघडली की पडद्यावरची पट्टी सत्तर टक्क्यांवर अडायची, ट्रे बाहेर यायचा आणि चांगली कोरी सीडी कायमची वाया जायची. म्हणून राइट सुरू झालं की काका ओठांवर बोट ठेवत. टेबलाला कोणाचा गुडघा लागला तरी डोळे वटारत. गिऱ्हाईक शिंकलं तरी त्यांना वाटे, गेली आता. शिंकेने सीडी बिघडत नाही, हे त्यांना पुष्कळांनी सांगून पाहिलं. "नसेल बिघडत," काका म्हणत, "पण मग शिंकायचंच कशाला?"

काका मूळचे छापखान्यातले जुळारी. शिशाच्या अक्षरांचे खिळे जुळवायचे, उलटे वाचून सुलट छापायचे. छापखाना बंद पडला तेव्हा त्यांनी एक संगणक, एक सीडी राइटर आणि दोन खुर्च्या घेऊन दुकान टाकलं. तेव्हा लोकांकडे जपून ठेवण्यासारखं पुष्कळ होतं आणि ठेवायला जागा कुठेच नव्हती. संगणकाच्या पोटात मावत नसे, फ्लॉपीत तर एक बरा फोटोही बसत नसे. आज कोणालाही विचारा, फोटो वर आहेत म्हणतो. वर म्हणजे कुठे, ते त्यालाही ठाऊक नसतं. तेव्हा वर काही नव्हतं. जे होतं ते सगळं खाली, आणि ते सीडीकाकांच्या काउंटरवर येऊन पडत होतं. लग्नं, बारशी, प्रबंध, म्हाताऱ्यांचे आवाज, पोरांची नाचगाणी.

सुरुवातीच्या दिवसांत एक पोस्टमन त्यांच्याकडे आपल्या वडिलांचा आवाज घेऊन आला होता. ऐंशी मिनिटं वडील नुसते बोलत होते. काकांनी सीडी करून दिली आणि संगणकात जागा हवी म्हणून मूळ फाइल पुसून टाकली. वडील वारले. नंतर महिन्याभराने पोस्टमन परत आला. त्याच्या धाकट्या पोराने सीडीला दोरी बांधून ती घरभर फरफटवली होती. काकांनी तीन दिवस खटपट केली, ओरखड्यांवर टूथपेस्टसुद्धा घासून पाहिली. एक अक्षर निघालं नाही. पोस्टमन काही बोलला नाही. सीडी काउंटरवर ठेवून निघून गेला. शिव्या दिल्या असत्या तर बरं झालं असतं, असं काका पुढे कित्येक वर्षं म्हणत.

दुधाने तोंड पोळलेला माणूस ताकही फुंकून पितो. काकांच्या सॉफ्टवेअरच्या खिडकीत खाली एक चौकट होती, किती प्रती काढायच्या ते विचारणारी. तिथे आपोआप एकचा आकडा यायचा. काका तो खोडून दोन करू लागले. दर वेळी, प्रत्येकाच्या कामाला. एक सीडी गिऱ्हाइकाला आणि एक त्यांच्या माळ्यावरच्या पेट्यांत, अंधारात, उभी रचून. प्रत्येकीच्या भोकाजवळच्या कड्यावर बारीक अक्षरात क्रमांक, आणि वहीत त्याच क्रमांकापुढे नोंद. गिऱ्हाइकाला मात्र यातलं काही सांगायचं नाही. सांगितलं तर पैसे द्यायला लागतील असं त्याला वाटेल, एवढंच काकांच्या मनात होतं. विचारायला हवं, हे कधी त्यांच्या डोक्यातच आलं नाही. चांगल्या माणसांची हीच तर पंचाईत असते. आपला हेतू चांगला आहे, एवढ्यावर ती कोणाच्याही घरात शिरतात.

काकू करवादायच्या. "जगाची लग्नं आपल्या माळ्यावर, आणि आपले कपडे खुंटीला!"

एक गोष्ट मात्र काकांच्या बाजूने सांगायला हवी. दुसऱ्याच्या सीडीत त्यांनी कधी डोकावून पाहिलं नाही. चित्र आणि आवाज आलाय ना, एवढं तपासायला पहिली दहा सेकंदं बघत आणि तोंड फिरवत. बाकीची पडताळणी सॉफ्टवेअर करी. मूळ फाइल आणि सीडी ताडून बघे आणि शेवटी 'सगळं बरोबर' असं सांगे. त्या दोन शब्दांवर काकांचा आपल्या बायकोपेक्षा जास्त विश्वास होता.

सीड्यांचा जमाना सरला. काकांच्या दुकानात आता झेरॉक्स निघतात आणि फोनच्या काचा बदलून मिळतात. नाव तेवढं सीडीकाका राहिलं, आणि माळ्यावरच्या पेट्या. एवढ्या वर्षांत ती दुसरी प्रत कोणाच्या उपयोगी पडली असेल तर तीन-चार वेळा. म्हणून त्या दुपारी समोरच्या चष्म्याच्या दुकानातल्या बाईंची भाची मोडलेल्या सीडीचे दोन तुकडे घेऊन आली, तेव्हा काकांना मनातून आनंदच झाला.

"काका, हे जोडता येईल का हो?"

पोरगी एकोणीस वर्षांची. आई गेली तेव्हा चार वर्षांची होती. वडील आधीच वेगळे झालेले, दूरच्या शहरात. तिला मावशीनेच वाढवलं. चष्म्याच्या काचा घासून घासून बाईंची बोटं कायम पांढुरकी दिसत. त्यांनी लग्न केलं नव्हतं. बाई कामाला चोख पण काकांशी तुसड्या. पंधरा वर्षांत समोरून कधी मान वर करून बोलल्या नाहीत. काकांचा चष्मासुद्धा त्या टेबलाकडे बघत बसवायच्या.

"कुठे सापडली?" काकांनी विचारलं.

"मावशीच्या कपाटात. जन्माचा दाखला शोधत होते. जुन्या चष्म्यांच्या डब्यात तळाशी होती. पाकिटावर माझ्या आईचं अक्षर आहे."

पाकिटावर एकच शब्द होता. 'ताईस'. कड्यावर काकांच्या अक्षरात क्रमांक होता, सहाशे बारा.

इथे काकांनी थांबायला हवं होतं. पाकीट ताईचं होतं, भाचीचं नव्हतं. शिवाय खाली पडून सीडीचे असे दोन सरळ तुकडे होत नाहीत. सीडी मोडावी लागते, दोन्ही हातांनी वाकवून, जोर लावून. हे त्यांच्याइतकं त्या रस्त्यावर कोणाला ठाऊक होतं? पण आपली वीस वर्षांची हुशारी दाखवायची संधी चालून आली की भल्याभल्यांना दुसरं काही दिसत नाही.

"जोडता नाही येत," काका म्हणाले, "पण तू बस जरा."

त्यांनी शिडी लावली, माळ्यावर चढले आणि धूळ झटकत सहाशे बारा घेऊन उतरले. वहीत नोंद होती. आणणारी, रुग्णालयातली नर्स. टीव्हीच्या प्लेअरवर चालेल अशी. क्लिपा दोन. प्रती दोन. काकांनी सीडी जुन्या ड्राइव्हमध्ये घातली. पंधरा वर्षांनीही ती एका दमात उघडली. पडद्यावर रुग्णालयातली खाट, उशीला टेकून बसलेली एक बारीक झालेली बाई. तिने खाकरून घसा साफ केला आणि म्हणाली, "चालू झालं का गं?"

"आवाज माझ्यासारखा आहे," पोरगी म्हणाली. आईचा आवाज कसा होता ते तिला आठवतच नव्हतं.

दहा सेकंदं झाली, काकांनी तोंड फिरवलं. दोन्ही फाइली तिच्या पेन ड्राइव्हवर उतरवून दिल्या आणि पैसे घेतले नाहीत. रात्री जेवताना काकूंना ऐकवलं, "बघ. तू म्हणायचीस ना अडगळ?"

दुसऱ्या दिवशी काकांनी दुकानाचं शटर अर्धं उचललं असेल नसेल, तोच बाई वाकून आत आल्या. केस विंचरलेले नव्हते. हातात तेच दोन तुकडे.

"ही तुमच्याकडे कशी आली?"

"कुठली?"

"वेड पांघरू नका! मी माझ्या हातांनी मोडली होती ही. जगात एकच होती. काल रात्री पोरगी मला विचारते, मावशी, तू ही का मोडलीस? तिने ऐकलं सगळं. तुम्ही दिलंत तिला."

"बाई, मी प्रत्येकाचीच एक जास्त..."

"कोणी सांगितलं होतं? मी सांगितलं होतं? माझ्या मेलेल्या बहिणीने सांगितलं होतं?" बाईंचा आवाज चिरकला. "पंधरा वर्षं तुम्ही माझं घर त्या माळ्यावर ठेवून झोपलात. आणि मी मूर्ख! मला वाटायचं तुम्ही ते फक्त पाहिलंय. तेवढ्याने सुद्धा तुमच्यासमोर मान वर करायची लाज वाटायची मला."

"मी पाहिलेलं नाही," काका म्हणाले. "शपथेवर सांगतो. मी कोणाचंच बघत नाही."

बाई त्यांच्याकडे बघत राहिल्या. पंधरा वर्षांत प्रथमच सरळ डोळ्यांत. "नाही पाहिलंत?"

"नाही."

"मग ऐका. तिने मरताना सांगितलं, माझी पोर ताईच्या हातात द्यायची नाही. माझ्या हातात नाही! जिला मी शिकवलं, जिची वेणी घातली, तिने कॅमेऱ्यासमोर बसून, परक्या नर्सला साक्षीला ठेवून सांगितलं. मी काय वाईट केलं होतं तिचं?" त्या खुर्चीत बसल्या. "मी ती मोडली आणि पोर ठेवून घेतली. आता ती जाईल. जावंच तिने."

इतकी वर्षं ज्याला काका पुण्य समजत होते ते एका घराच्या मुळावर आलं होतं.

तेवढ्यात भाची शटरखालून आत आली. धावत आली होती, पायात दोन वेगवेगळ्या चपला.

"मावशी, तू रात्री दार लावून घेतलंस. मला बोलूच दिलं नाहीस. तू पुढचं ऐकलं होतंस का?"

"कुठलं पुढचं?"

"पुढचं गं. दुसरी क्लिप."

"दुसरीबिसरी काही नाही. मी संपेपर्यंत पाहिलं होतं. तिचं तोंड तसंच पडद्यावर थांबलं आणि संपलं. मी किती तरी वेळ बघत बसले होते."

पोरगी काकांकडे वळली. "काका, ती सीडी आहे ना अजून? लावा."

काकांनी सीडी लावली. ट्रे दोनदा बंद करावा लागला. या वेळी त्यांनी तोंड फिरवलं नाही. तसं कोणी सांगितलंही नव्हतं. पहिल्या क्लिपच्या शेवटी खाटेवरची बाई दम घेत घेत म्हणाली, "पोर ताईकडे ठेवायची नाही. तिला तिच्या बापाकडे पाठवा. ताईच्या हातात द्यायची नाही म्हणजे नाही." आणि चित्र तुटलं. कॅमेऱ्यातलं कार्ड भरलं असावं.

पोरीने दुसरी फाइल उघडली. तीच खाट, तीच उशी. नर्सचा आवाज आला, "हं, बोला, झालं सुरू."

"ताई, आता हे तुझ्यासाठी," बहीण म्हणाली. "तुझ्या तोंडावर बोलले असते तर तू मला बोलूच दिलं नसतंस. तुला मी ओळखते. तू पोरीला पोटाशी धरशील आणि स्वतःचं सगळं सोडून देशील. आईच्या आजारपणात तूच, माझ्या शिक्षणाला तूच. आता पुरे. तो जमीन मोजणीवाला तीन वर्षं तुझ्यासाठी थांबलाय. त्याला हो म्हण. पोरीचा बाप वाईट नाही गं, माझं त्याच्याशी जमलं नाही एवढंच. तो सांभाळेल. तू तिला सुट्टीत आण, हवे तेवढे लाड कर, आणि परत पाठव. मला दोघींचं चांगलं व्हायला हवंय. रागावू नकोस." मग ती थोडी हसली. "रागावशीलच म्हणा."

बाहेर एक जण झेरॉक्स आहे का विचारून गेला, त्याला कोणी उत्तर दिलं नाही.

बाईंनी तोंडावर हात दाबून धरला होता. तो काढून त्या हळू म्हणाल्या, "मोजणीवाल्याला मी त्याच आठवड्यात 'नाही' म्हणून सांगितलं. ती म्हणते मी नालायक, तर दाखवतेच वाढवून, अशा इरेला पेटले होते." मग एकदम, "हे कुठे होतं? हे का नाही लागलं तेव्हा?"

पोरीला ठाऊक नव्हतं. बाईंना तर कळण्याचा प्रश्नच नव्हता. म्हणजे उत्तर ठाऊक असलेला माणूस दुकानात एकच होता. काकांना ते पहिली क्लिप तुटली तेव्हाच कळलं होतं. जुने प्लेअर तसेच असायचे, असं म्हटलं असतं तर दोघींनी मान डोलावली असती.

"चूक माझी आहे," काका म्हणाले.

"तुमची?"

"टीव्हीसाठी सीडी करायची तर सॉफ्टवेअर विचारायचं, एका क्लिपनंतर किती वेळ थांबायचं. तिथे शून्य घालावं लागायचं. नाही घातलं तर प्लेअर पहिल्या क्लिपनंतर थांबून राहायचा. कोणी रिमोटवर पुढचं बटण दाबेपर्यंत तसाच. मी प्रतींचा आकडा बदलला. पडताळणीची खूण केली. आणि शून्य घालायचं राहिलं. शेवटपर्यंत चालवून पाहिलं असतं तर लगेच कळलं असतं. पण मी बघत नाही ना कोणाचं." त्यांनी पडद्याकडे बोट केलं. "सॉफ्टवेअरने सगळं बरोबर म्हणून सांगितलं होतं."

बाई ओरडतील, तुकडे तोंडावर फेकतील, असं काकांना वाटलं. तसं झालं असतं तर त्यांना सुटल्यासारखं वाटलं असतं.

"एक शून्य?" एवढंच त्या म्हणाल्या.

पोरगी मागून आली आणि तिने मावशीच्या खांद्यावर हात ठेवला. "जाऊ दे मावशी. तुला कुठे ठाऊक होतं? आणि मी कुठेही जात नाहीये. ज्या बापाने पंधरा वर्षांत एकदा विचारलं नाही, त्याच्याकडे गेले असते तरी काय झालं असतं?"

बाईंनी डोळे मिटले. समोरचा परका माणूस, ज्याला गप्प बसून निभावता आलं असतं, त्याने आपली चूक आपल्या तोंडाने सांगितली होती. आता आपण गप्प कसं बसायचं, असा विचार त्यांच्या मनात आला की काय, कोण जाणे. पण त्या बोलल्या.

"तो आला होता."

"कोण?"

"तुझा बाप. दोनदा आला होता. मी त्याला दारातून परत पाठवलं. म्हटलं, हिच्या आईने मरताना पोर माझ्या पदरात टाकलीय. तसं तिनेच बोलून दाखवलंय. मृत बायकोचा शब्द म्हणून तो काही न बोलता गेला."

खांद्यावरचा हात उचलला गेला.

"दुसऱ्यांदा कधी?"

"तू सहा वर्षांची होतीस. बाहुली घेऊन आला होता तुझ्यासाठी."

"निळ्या झग्याची?"

बाईंनी मान डोलावली.

"ती तर तू आणली होतीस," पोरगी म्हणाली. "मावशी, ती तू आणली होतीस ना? मी ती घेऊन झोपायचे. तू म्हणायचीस, मावशीची आठवण म्हणून ठेव." तिचा आवाज इतका लहान झाला होता की काकांना वाटलं, ती खरंच सहा वर्षांची आहे.

कालपर्यंत काकांची कल्पना अशी होती की गेलेली गोष्ट परत मिळाली की माणूस सुखी होतो.

पोरगी रडली नाही. निघूनही गेली नाही. तिने पडद्यावर थांबलेल्या आईकडे एकदा पाहिलं. मग तिने पाठीमागच्या खिशातून फोन काढला आणि मावशीपुढे धरला.

"लाव त्याला."

"मी?"

"तूच. मी काय सांगू त्याला? मला तर आत्ता कळतंय."

"नंबर लिहून गेला होता तो," बाई म्हणाल्या. "ती चिठ्ठी मी त्याच दिवशी फाडली."

पोरगी मागे सरली नाही. फोन तसाच पुढे धरून उभी राहिली. बाईंनी तो घेतला. पांढुरक्या बोटांनी त्यांनी एकेक आकडा दाबायला सुरुवात केली, न थांबता, न आठवता, शेवटच्या आकड्यापर्यंत. तेरा वर्षांत त्या एकही विसरल्या नव्हत्या.

पलीकडे घंटी वाजली. चौथ्या घंटीला एका माणसाने "हॅलो, कोण?" असं विचारलं.

"मी तुमच्या मुलीची मावशी बोलतेय," बाई म्हणाल्या. "तेव्हा दारात मी तुम्हाला खोटं सांगितलं होतं."